व्हीएफएक्स सुपरवायझर बारा महिन्यांत तयार होत नाही

संपादक महोदय,

स. न. वि. वि.

बारावीच्या निकालाच्या तोंडावर आपल्या करिअर पुरवणीत व्हीएफएक्स (चित्रपटातले दृश्य-परिणाम) सुपरवायझर या पेशावर लेख आला. त्याच पानाच्या खालच्या अर्ध्या भागात ‘बारा महिन्यांत सुपरवायझर व्हा’ अशी एका संस्थेची जाहिरातही होती. लेखात हिरव्या पडद्याचा फोटो होता, पगाराचे आकडे होते, सॉफ्टवेअरची यादी होती. हा माणूस दिवसभर नेमके करतो काय, तेवढे राहून गेले. ते सांगावे म्हणून हे पत्र. पत्र लांबले आहे. कात्री लावायचीच झाली तर आमच्या तक्रारींना लावा, मापांना लावू नका.

सुपरवायझर म्हणजे संगणकावर सगळ्यात वेगाने हात चालवणारा आर्टिस्ट, हा समज आधी काढून टाकायला हवा. कित्येक चांगल्या सुपरवायझरांनी बऱ्याच वर्षांत एकही शॉट स्वतः पूर्ण केलेला नसतो. काय खरे चित्रित करायचे, काय नंतर भरायचे, आणि भरण्यासाठी सेटवरून कोणती माहिती उचलून आणायची, हे ठरवणे त्याचे काम. पहिल्या दोन गोष्टींवर मीटिंगा होतात. तिसरी बहुधा कोणी विचारतच नाही आणि चित्रपट मार खातो तो तिथेच.

‘नाही’ म्हणणे हाही या कामाचाच भाग. १९९३ च्या ‘जुरासिक पार्क’ने संगणकीय प्राण्यांचे युग आणले असे आपण म्हणतो, पण दोन तासांच्या त्या चित्रपटात डायनासोर दिसतात साधारण पंधरा मिनिटे, आणि त्यातली संगणकाने केलेली जेमतेम सहा. उरलेल्या वेळात स्टॅन विन्स्टन यांच्या कार्यशाळेतले यांत्रिक प्राणी आहेत. कुठे यंत्र, कुठे संगणक ही वाटणी नीट झाली म्हणून तो चित्रपट आजही खरा वाटतो.

पटकथा वाचताना सुपरवायझर काय करतो, त्याचा एक नमुना देतो. समजा ओळ अशी आहे: ‘रात्र. गडाच्या पायथ्याशी शत्रूची छावणी, शेकडो मशाली. तीन मावळे झुडपाआडून पाहतात.’ लेखकाला ही एक ओळ. सुपरवायझरचे प्रश्न सुरू होतात. कॅमेरा तिपाईवर की हातात? पागोट्याचे शेव वाऱ्याने उडणार का? झुडूप कसले, रुंद पानांचे की काटेरी बोरीचे? शॉट किती सेकंद टिकणार? सहा सेकंद धरले तर सेकंदाला २४ प्रमाणे १४४ फ्रेम, दोन्ही टोकांना संकलकासाठी राखीव आठ-आठ, म्हणजे १६०. आता हिशेब मॅन-डेमध्ये (एका माणसाचे एका दिवसाचे काम) मांडायचा: तिघांना मागच्या दृश्यापासून कापून काढण्याचा रोटो ८ दिवस, कॅमेऱ्याची चाल शोधणारा मॅचमूव्ह २, छावणीचे मॅट पेंटिंग (रंगवलेली पार्श्वभूमी) ५, मशाली आणि धूर ४, सगळे एकत्र बसवणारे कॉम्प ६. झाले पंचवीस. मावळ्यांच्या मागे निळा पडदा उभा केला तर रोटो आठावरून दोनावर येतो. कॅमेरा तिपाईवर घट्ट ठेवला तर मॅचमूव्हचे दोनही वाचतात. उरले सतरा. हे आकडे नमुन्याचे आहेत, प्रत्येक स्टुडिओत थोडे फिरतील. पण लोकेशनवरच्या दोन निर्णयांत कामाचा जवळपास तिसरा हिस्सा कमी होतो, हे प्रमाण अतिशयोक्तीचे नाही.

याची उलट बाजूही तेवढीच खरी. तो पडदा उभा करून त्यावर प्रकाश करायला पाऊण तास लागणार असेल आणि तोवर शंभर माणसे, दोन जनरेटर आणि भाड्याचे घोडे ताटकळणार असतील, तर एका शॉटसाठी पडदा नकोच. जास्तीचा सहा दिवसांचा रोटो त्याहून स्वस्त पडतो. तसे शॉट बारा असतील तर गणित पुन्हा फिरते. जाहिरातीतल्या अभ्यासक्रमात सॉफ्टवेअरची बटणे आहेत, हा हिशेब नाही.

आता सेटवर येऊ. क्लॅप वाजण्याआधी आणि कट झाल्यावर प्रत्येक व्हीएफएक्स शॉटचे पत्रक भरायचे असते: लेन्सचा फोकल लेंग्थ, टी-स्टॉप, फोकसचे अंतर, लेन्सच्या मध्यापासून जमिनीपर्यंतची उंची, कॅमेऱ्याचा कल अंशांत, आयएसओ, कलर टेम्परेचर, फिल्टर, फ्रेमरेट, शटर अँगल आणि सेन्सरचा कोणता भाग वापरला ते. शेवटच्या कलमाकडे नवखे हमखास दुर्लक्ष करतात. ३५ मिमीची लेन्स ३६ मिमी रुंदीच्या पूर्ण सेन्सरवर आडव्या दिशेने सुमारे ५४ अंश पाहते. तोच कॅमेरा सुपर-३५ क्रॉपवर (सेन्सरचा लहान भाग) टाकला की सुमारे ३९. पत्रकात नुसते ‘३५’ लिहिलेले असेल तर मॅचमूव्ह करणारा दोन दिवस चुकीच्या कॅमेऱ्याशी झुंजतो आणि त्याने बसवलेली तटबंदी जमिनीवर घसरत राहते. झूम लेन्ससमोर ‘२४ ते ७०’ असे लिहिले तर ते न लिहिल्यासारखेच. लहान बजेटच्या कामात मिररलेस कॅमेरा असतो आणि त्यातले स्टॅबिलायझेशन चालू राहून जाते. सेन्सर स्वतःच आत हलत असल्याने कॅमेऱ्याची चाल कोणत्याही गणितात बसत नाही. ते बंद करायला सांगणे हे कॅमेरामनच्या कामात नाक खुपसणे वाटेल, तरी सांगावेच लागते.

शटर अँगलबद्दल एक आपल्याकडची गोष्ट. आपली वीज ५० हर्ट्झची. २४ फ्रेमच्या चित्रीकरणात १८० अंशांवर शटर १/४८ सेकंद उघडे राहते आणि काही दिवे चित्रात लुकलुकतात, म्हणून १७२.८ अंश लावून ते १/५० करतात. स्वस्तातले एलईडी पॅनेल तरीही फडफडतात. डोळ्यांना दिसत नाही, पण हिरवा पडदा दर फ्रेमला थोडा उजळ, थोडा मंद होतो, कीइंग (पडद्याचा रंग कापून काढणे) अस्थिर होते आणि केसांची कड उकळत्या दुधासारखी हलू लागते. शूटिंगच्या आदल्या दिवशी त्याच दिव्यांखाली दहा सेकंद चित्रित करून मोठ्या पडद्यावर पाहिले की हे तिथेच पकडता येते.

प्रत्येक लेन्सची जाळीही घ्यावी लागते. सपाट बोर्डावर काळे-पांढरे चौकोन छापून, चारही कोपरे भरतील असे चित्रित करायचे. रुंद लेन्स सरळ रेषा वाकवते आणि संगणकातला कॅमेरा सरळच पाहतो. म्हणून प्लेट (मूळ चित्रित दृश्य) आधी सरळ करतात, त्यात संगणकीय भाग बसवतात, मग सगळे मूळ लेन्सइतके पुन्हा वाकवतात. जाळी नसेल तर मध्यभागी चपखल बसलेली भिंत कोपऱ्यात तरंगते. हे काम कॅमेरा टेस्टच्या दिवशी अर्ध्या-पाऊण तासात उरकते. शूटिंगच्या दिवशी कोणी वेळ देणार नाही आणि देऊही नये.

प्रकाश नोंदवण्यासाठी दोन गोळे लागतात: एक मंद पोताचा, १८ टक्के करडा, एक आरशासारखा चकचकीत; व्यास वीस ते तीस सेंटिमीटर. टेक मंजूर झाला की नटाच्या जागी उभे राहून, त्याच कॅमेऱ्यासमोर, हे गोळे आणि रंगांचा तक्ता चार-पाच सेकंद धरायचे. करडा गोळा मुख्य प्रकाशाची दिशा आणि सावलीची खोली सांगतो, चकचकीत गोळा दिवे कुठे होते ते दाखवतो. पुढची पायरी एचडीआरआय, म्हणजे वेगवेगळ्या एक्स्पोजरची छायाचित्रे जोडून केलेली त्या जागेच्या प्रकाशाची पूर्ण नोंद. ८ मिमी फिशआय लेन्स, तिपाई, नटाच्या छातीच्या उंचीवर कॅमेरा. ९० अंशांच्या फरकाने चार दिशा, प्रत्येक दिशेला दोन-दोन स्टॉपच्या अंतराने (एक स्टॉप म्हणजे प्रकाश दुप्पट किंवा निम्मा) सात एक्स्पोजर. ॲपर्चर, फोकस, व्हाइट बॅलन्स कायम. बदलतो तो फक्त शटर. फाइल रॉ. हात बसला की तीन मिनिटांच्या आत होते. या छायाचित्रांतून संगणकीय वस्तूवर खऱ्या जागेचा प्रकाश टाकण्याची रीत संगणकशास्त्रज्ञ पॉल डेबेवेक यांनी १९९८ मध्ये मांडली; तेव्हापासून ती जगभर चालते.

बिघडते ते त्या तीन मिनिटांतच. ‘शॉट ओके’ ऐकताच लाइटमन दिवे पाडतात आणि मग रिकाम्या, अंधाऱ्या सेटचा एचडीआरआय मिळतो. म्हणून पहिल्या सहायक दिग्दर्शकाशी सकाळीच बोलून ठेवायचे की दिवे पाडण्याआधी आम्हाला हाक मारा. बाहेर उन्हात सूर्य इतका प्रखर असतो की सर्वात जलद शटरलाही तो पांढराफट्ट जळतो; एनडी (प्रकाश कमी करणारा) फिल्टर लावून आणखी खालची एक्स्पोजर घ्यावी लागतात, नाहीतर संगणकीय घोड्याची सावली फिकी आणि लोळागोळा पडते. दुपारी दोनला घेतलेला एचडीआरआय साडेचारच्या शॉटला चालत नाही, हे सांगायला नको. तरी चालवून घेणारे आहेत.

एक गोष्ट नंतर कोणालाही भरता येत नाही: नटाच्या अंगावर पडणारा, समोरच्या घटनेचा प्रकाश. वाडा पेटल्याचा शॉट घ्या. ज्वाळा नंतर उत्तम करता येतील, पण नटाच्या गालावर नारिंगी, थरथरता, खालून येणारा उजेड सेटवरच हवा. तो नसेल तर कितीही महागडी आग केली तरी माणूस आगीसमोर उभा आहे असे वाटत नाही. डीओपीबरोबर (मुख्य छायाचित्रकाराबरोबर) बसून फ्लिकर लावलेले दिवे कुठे ठेवायचे, ज्वाळांची उंची किती धरायची, भिंत कोसळेल त्या क्षणी उजेड कधी वाढवायचा, हे ठरवणे हा सुपरवायझरच्या दिवसातला सर्वात मोलाचा अर्धा तास. प्रेक्षक ज्याला ‘खोटे दिसते’ म्हणतो ते बहुतेक वेळा प्रकाशात चुकलेले असते, संगणकाच्या ताकदीत नव्हे.

क्रोमाबद्दल, म्हणजे हिरव्या-निळ्या पडद्याच्या कामाबद्दल, आपल्या लेखात ‘हिरवा पडदा लावला की मागे काहीही टाकता येते’ असे वाक्य होते. लावला म्हणजे काय? पडद्यावरचा प्रकाश वेगळा करायचा, नटावरचा वेगळा. पडदा सर्वत्र अर्ध्या स्टॉपच्या आत सारखा हवा, आणि नटाच्या मुख्य प्रकाशापेक्षा अर्धा ते एक स्टॉप खाली. डोळ्यांवर विसंबू नये. मॉनिटरवर फॉल्स कलर (उजेडाची पातळी रंगांत दाखवणारी सोय) लावून पाहावे. नट पडद्यापासून किमान तीन-चार मीटर पुढे. जागा लहान म्हणून त्याला पडद्याला टेकवले की हिरवा उजेड खांद्यांवर, कानांवर, घामावर चढतो. तो उतरवताना त्वचेचा रंगही उतरतो आणि माणूस आजारी दिसतो.

हिरवाच का, यालाही कारण आहे. डिजिटल कॅमेऱ्याच्या सेन्सरवर चार बिंदूंपैकी दोन हिरव्याचे असतात, म्हणून त्या रंगात तपशील जास्त आणि नॉइज कमी. पण आपल्याकडच्या नवरीच्या हातात हिरवा चुडा असतो, अंगावर हिरवा शालू असतो, नथीच्या मोत्यात पडद्याचे प्रतिबिंब पडते. अशा दृश्याला निळाच हवा. रात्रीच्या दृश्यालाही शक्यतो निळा. थोडा स्पिल (पडद्याचा अंगावर चढलेला रंग) राहिला तरी अंधारात तो चांदण्यात खपतो, हिरवा खपत नाही. पायाखाली मात्र दोन्ही टाळावेत. खऱ्या मातीवर चालू द्यावे; धूळ, पावलांची सावली, मातीवरून उसळलेला प्रकाश फुकट मिळतो. सेटवर धुराचे मशीन आणि मागे क्रोमा हे तर करूच नये, कारण धुरातून पडदा झिरपतो आणि धूरच हिरवा होतो.

पडद्यावर चिकटपट्टीच्या फुल्या मारायची हौस सगळ्यांना असते. कॅमेरा स्थिर असेल तर त्यांची गरजच नाही. तरी पन्नास फुल्या दिसतात आणि केसांमागच्या प्रत्येक फुलीसाठी पुढे एक मुलगा दिवसभर पेंट करत बसतो. हलत्या कॅमेऱ्याला साधारण मीटर-दीड मीटर अंतरावर, कोणत्याही क्षणी चार-पाच दिसतील एवढ्या पुरतात, आणि सगळ्या एकाच पातळीवर नकोत. दोन-तीन काठ्या पडद्याच्या पुढे निरनिराळ्या अंतरावर उभ्या केल्या की खोली कळते. रेकॉर्डिंगचा दर्जाही आधी पाहावा. ८ बिट ४:२:० मध्ये चार बिंदूंमागे रंगाची एकच नोंद राहते. केसांच्या कडेला पायऱ्या पडणारच. निदान १० बिट ४:२:२, आणि जमले तर रॉ.

क्लीन प्लेट म्हणजे नट बाजूला करून तोच शॉट पुन्हा घेणे. वायर पुसायची, माईक पुसायचा, मागून मोबाइल घेऊन गेलेला माणूस पुसायचा, सगळ्याला ती लागते. दहा सेकंदांचे काम. आणि सर्वात जास्त वेळा राहून जाते तेही हेच.

हातात पट्टी घेऊन काम करण्याची ही परंपरा आपल्याला नवी नाही. १९१३ मध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आणणाऱ्या दादासाहेब फाळक्यांनी आपल्या चित्रपटांतल्या करामती स्वतःच केल्या. त्या काळी दुहेरी एक्स्पोजर करायचे तर हॅंडलचे फेरे मोजावे लागत. एका फेऱ्यात आठ फ्रेम. लेन्सचा अर्धा भाग झाकून चित्रित करायचे, तितकेच फेरे फिल्म मागे घ्यायची, दुसरा अर्धा उघडायचा. दोन फेरे चुकले की देव सोळा फ्रेम उशिरा प्रकट होणार. आज फेऱ्यांच्या जागी टाइमकोड आला, मोजणे तसेच आहे.

शूटिंगनंतरच्या टप्प्यावर थोडक्यातच लिहितो, कारण वर्गात तेवढेच शिकवले जाते. संकलन पक्के झाले की शॉट स्टुडिओकडे जातात: १६ बिट ईएक्सआर फाइल, संकलकाची यादी, किती फ्रेम, गती बदलली आहे का, चौकट सरकवली आहे का. पहिल्या फ्रेमचा आकडा बहुतेक ठिकाणी १००१ ठेवतात, म्हणजे पुढे आधीच्या फ्रेम वाढल्या तरी उणे आकडा येत नाही. रोज डेलीज, म्हणजे झालेले शॉट एकत्र पाहण्याची बैठक, होतात. तिथे सुपरवायझर शॉट आधी चालत्या वेगाने, मोठ्या पडद्यावर, दोनदा पाहतो. थांबवून पिक्सेल मोजणे नंतर. मग गॅमा वर चढवून काळ्या भागात काय दडले आहे ते पाहतो: संगणकीय काळा प्लेटमधल्या काळ्याशी जुळतो का, ग्रेन (चित्रातले बारीक कण) जुळतो का, हलत्या कडेला मोशन ब्लर आहे का, पायाखाली सावली आहे का. आणि कमेंट देतो. ‘जरा रिअल कर’ ही कमेंट नव्हे. ‘मागच्या डोंगराचा काळा उचल, समोरच्या झाडाइतका गडद तो दोन किलोमीटरवर असूच शकत नाही, कड एक पिक्सेल आत घे, ग्रेन निळ्या चॅनेलमध्ये कमी आहे’ ही कमेंट. पहिल्या प्रकारच्या कमेंटवर आर्टिस्ट आठ व्हर्जन करतो, दुसऱ्या प्रकारच्या कमेंटवर दोन. रात्रीचे दीड वाजेपर्यंत स्टुडिओ चालू राहण्याचे मोठे कारण सुपरवायझरची भाषा असते, हे या धंद्यातली थोडी माणसे कबूल करतात.

चुकीची दुरुस्ती आणि दिग्दर्शकाचा बदललेला विचार, यांतला फरक कागदावर ठेवणे हेही त्याचेच काम. काम ठरलेल्या रकमेवर घेतलेले असते. मशालींच्या जागी पहाट हवी असे अकराव्या व्हर्जनला सांगितले, तर ते नवे काम आहे आणि त्याचे मॅन-डे नव्याने मांडले पाहिजेत. बोलायला लाजणारा सुपरवायझर हा खर्च आपल्या आर्टिस्टांच्या रविवारांतून भरतो.

आता मुलांच्या वाटेविषयी. सुपरवायझर दोन प्रकारचे. एक निर्मात्याच्या बाजूचा, पूर्ण चित्रपट पाहणारा, तीन-चार स्टुडिओंत काम वाटून देणारा. दुसरा स्टुडिओचा, आपल्या वाट्याचे शॉट तडीस नेणारा. दोघेही बहुधा दहा-पंधरा वर्षांच्या कामानंतर त्या खुर्चीवर येतात. नेहमीची शिडी अशी: रोटो किंवा पेंट, मग कॉम्प, मॅचमूव्ह किंवा लायटिंग, मग सीनियर, लीड, विभागाचा सुपरवायझर. बारा महिन्यांच्या अभ्यासक्रमानंतर मिळते ती पहिली पायरी. ती मिळाली तरी उत्तम. तिला सुपरवायझर म्हणणे ही फसवणूक आहे.

त्या पहिल्या पायरीचेही आता सांगायला हवे. रोटो आणि पेंटचे सोपे शॉट यंत्रशिक्षणाची (एआयची) साधने करू लागली आहेत. गर्दीतले केस, धूर, मोशन ब्लर त्यांना अजून नीट जमत नाही, पण वर्षभर सोपे शॉट करून हात बसवण्याची जी सोय होती ती आटते आहे. म्हणून आम्ही मुलांना दुसरे दार सुचवतो: सेटवरचा डेटा रँगलर. पत्रके भरणे, गोळे धरणे, एचडीआरआय घेणे, लायडार (लेझरने जागेची मापे घेणारे यंत्र) स्कॅन करणाऱ्याबरोबर उन्हात उभे राहणे. पगार सुरुवातीला बेताचा, पण डीओपी, कला दिग्दर्शक, ॲक्शन मास्टर कसे विचार करतात ते पहिल्या वर्षीच दिसते. पाच वर्षे खोलीत बसलेल्या कॉम्पोझिटरला ते माहीत नसते.

काय शिकावे? जुना, हाताने चालणारा स्टिल कॅमेरा घेऊन वर्षभर एक्स्पोजर आणि लेन्स समजून घ्याव्या. स्केचिंग रोज करावे, जे.जे.मधून आलेली मुले या धंद्यात टिकतात ती प्रकाश पाहण्याच्या सवयीमुळे. अकरावीचे त्रिकोणमिती आणि मॅट्रिक्स टाकून देऊ नये. थोडे पायथॉन, ही प्रोग्रॅमिंगची भाषा. सॉफ्टवेअरसाठी लाख-दोन लाख भरण्याआधी हे लक्षात घ्या की ब्लेंडर पूर्ण मोफत आहे, न्यूकची अव्यावसायिक आवृत्ती एचडीपर्यंत मोफत चालते, हूडिनीची शिकाऊ आवृत्ती मोफत आहे आणि रिझॉल्व्हच्या मोफत आवृत्तीत फ्यूजन येते. शोरील (आपल्या कामाच्या नमुन्यांची चित्रफीत) साठ ते नव्वद सेकंदांचा, सर्वात चांगला शॉट आधी. प्रत्येक शॉटमध्ये स्वतः काय केले ते लिहिलेले. ट्यूटोरियलमधलेच अंतराळयान आम्हा सगळ्यांना पाठ आहे.

धंद्याची अस्थिरताही पालकांपासून लपवू नये. ‘लाइफ ऑफ पाय’मधला वाघ बहुतांश दृश्यांत संगणकीय होता. तो करणाऱ्या ऱ्हिदम अँड ह्यूज कंपनीचे मुंबई आणि हैदराबादलाही स्टुडिओ होते. फेब्रुवारी २०१३ मध्ये कंपनीने दिवाळखोरीचा अर्ज केला आणि त्याच महिन्यात त्या कामाला ऑस्कर मिळाले. सुपरवायझर बिल वेस्टेनहॉफर यांनी व्यासपीठावर कंपनीच्या अडचणीचा विषय काढताच संगीत वाजवून त्यांचे भाषण आटोपते घेतले गेले. बारा वर्षांनी, फेब्रुवारी २०२५ मध्ये व्हीएफएक्स कंपन्या चालवणारा टेक्निकलर समूह कोसळला आणि बंगळुरूतली हजारो मुले एका आठवड्यात रस्त्यावर आली. काम उत्तम असणे आणि कंपनी टिकणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, कारण ठरलेल्या रकमेच्या बोलीत नफ्याची फट फार बारीक असते. सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला ठेवा, हा सल्ला आम्ही प्रत्येक नव्या आर्टिस्टला सॉफ्टवेअरच्या आधी देतो.

मराठी निर्मात्यांनाही एक विनंती. सुपरवायझरला चित्रीकरण संपल्यावर हार्ड डिस्क घेऊन बोलावू नका. पूर्ण वेळ ठेवणे परवडत नाही, मान्य. मग पटकथेवर एक बैठक, लोकेशनच्या रेकीचा एक दिवस आणि व्हीएफएक्स शॉट असतील तेवढेच शूटिंगचे दिवस, एवढेच द्या. सामान म्हणाल तर लाकडी गोळ्याला करडा मॅट रंग, स्टीलचा एक चकचकीत गोळा, रंगांचा तक्ता, लेझर अंतरमापक, कल मोजायला मोबाइल आणि सेकंडहँड फिशआय. ‘पोस्टला बघू’, म्हणजे चित्रीकरणानंतर बघू, या दोन शब्दांची किंमत याच्या कित्येक पट होते, आणि ती शेवटी संकलनाच्या टेबलावर शॉट कापून चुकवली जाते.

राज्याने २०२५ मध्ये ॲनिमेशन, व्हीएफएक्स, गेमिंग क्षेत्रासाठी धोरण आणले, मुंबईत भारतीय सर्जनशील तंत्रज्ञान संस्था सुरू झाली. त्यामुळे जाहिराती आणखी वाढणार. म्हणून पुरवणीच्या संपादकांना सुचवतो: या विषयावरचा पुढचा लेख छापताना संस्थांना काही प्रश्न विचारा आणि उत्तरे लेखासोबत द्या. विद्यार्थी स्वतः प्लेट चित्रित करतात की तयार प्लेटवर काम करतात? संस्थेत फिशआय लेन्स आणि लेन्सची जाळी आहे का? शिकवणाऱ्याने शेवटचा शॉट कोणत्या वर्षी पूर्ण केला? गेल्या तुकडीतल्या किती जणांना काम मिळाले, आणि ते नेमके कोणत्या पदावर?

आपले,
मुंबईत व्हीएफएक्समध्ये काम करणारे काही मराठी तंत्रज्ञ
गोरेगाव